वाडीतल्या बंद खोलीतली नटी

नोकरीतली बरीच प्रकरणं आता एकमेकांत मिसळून गेली आहेत. गास गावच्या वाडीतली ती घटना मात्र जशीच्या तशी डोळ्यांपुढे उभी राहते, आणि अजून अंगावर काटा येतो.

ऐंशीच्या दशकाची सुरुवात. मी वसई भागात फौजदार होतो. एका पावसाळी सकाळी हजेरी आटोपून बसलो होतो, तेव्हा पन्नाशीची एक ख्रिस्ती बाई ठाण्याच्या दारात येऊन थांबली. केळी विकून रिकामी पाटी घेऊन ती बाजारातून थेट आली होती. आत यायला धजेना. मीच तिला बोलावून बसवलं.

"साहेब, माझं नाव बाहेर जायला नको," ती हळूच म्हणाली. "आमच्या शेजारच्या घरात एक म्हातारी बाय हाय. तिला कोंडलीय असं मला वाटतं. पानी मागते, बाहेर काढा म्हनते. भाचा सांगतो, आत्या सिनेमात होती, डोकं फिरलंय, जुने डायलॉग म्हनते. गाव हसतं. मला भ्या वाटतं."

मी विचारलं, "सिनेमात काय काम करायच्या त्या?"

"कधी दासी, कधी नर्स, कधी लग्नाच्या गर्दीत. वीस वर्सं केलं. पन बोलायचं काम कधीच नाय मिळालं. त्याचं लई वाईट वाटायचं तिला."

मी पेन खाली ठेवलं. जिला संवादच मिळाला नाही, ती म्हणते तरी कुठले संवाद?

स्टेशन डायरीत नोंद केली आणि एक महिला शिपाई, दोन शिपाई व दोन पंच घेऊन निघालो. भाचा ओट्यावरच होता. चाळिशीचा, कपडे पांढरेशुभ्र, बोलणं गोड. "आत्या झोपल्यात," म्हणाला. एवढ्यात घराच्या मागून क्षीण आवाज आला, "कुणी आहे का? दार उघडा."

तो हसला. "ऐकलंत? पिक्चरमधलं आहे."

"कुठल्या?"

त्याने एका पौराणिक चित्रपटाचं नाव सांगितलं.

"त्यात त्यांचं काम काय होतं?"

"राणीमागे चवरी ढाळायच्या."

"चवरी ढाळणारी दासी काय बोलायची?"

त्याने वळून आत पाहिलं. स्वयंपाकघराच्या दाराशी त्याची बायको उभी होती. मी हात पुढे केला. तिने कमरेची किल्ली काढून मुकाट्याने माझ्या हातावर ठेवली.

मागच्या खोलीला बाहेरून कुलूप होतं. खिडकीवर फळ्या ठोकल्या होत्या. आत एक वाळलेली बाई जमिनीवर बसली होती, मनगटांवर दोरीचे वळ. तिने माझ्याकडे पाहिलंच नाही. माझ्यामागे उभ्या भाच्याकडे पाहत ती भिंत धरून उठली आणि हसून म्हणाली, "मी बरी आहे. भाचा फार जपतो मला."

ते हसू मला बघवेना.

मी भाच्याला जीपमधून ठाण्यात पाठवलं. जीपचा आवाज पूर्ण विरेपर्यंत ती कान देऊन ऐकत राहिली. मग महिला शिपायाचा हात धरून तिने जबाब दिला. घराभोवतीची केळीची वाडी तिच्या नावावर होती आणि ती विकायला ती तयार नव्हती. म्हणून तो तोंडावर उशी दाबायचा, उशी काढून विचारायचा, "आता सही करतेस का?"

ठाण्यात भाचा सगळं नाकारत राहिला. त्याच्या बायकोला वेगळं बसवलं, पाणी दिलं, तेव्हा तिला रडू फुटलं. "रविवारी आत्यांना चिंचोटीच्या धबधब्यावर न्यायचं ठरलं होतं," ती म्हणाली. "पावसाळ्यात तिथं पाय घसरून माणसं जातातच, कुणी विचारणार नाही, असं हे म्हणाले."

त्या दिवशी गुरुवार होता.

घाबरलेलं माणूस ज्याला घाबरतं त्याचंच कौतुक करतं, हे मी तिथे शिकलो. पुढे कुठल्याही घरात चौकशीला गेलो, की आधी घरच्यांना बाहेर काढायचो. त्यानंतर मिळालेलं उत्तरच खरं धरायचो.

भाच्याला शिक्षा झाली आणि आम्ही प्रकरण बंद केलं. म्हातारी तक्रार घेऊन आलेल्या त्या शेजारणीकडेच राहायला गेली. नंतर एकदा चौकशीला गेलो, तेव्हा शेजारीण म्हणाली, "जेवते, रविवारी मिस्साच्या प्रार्थनेला माझ्यासंगं चर्चमदीबी येते. पन घरात कुठलंच दार लावू देत नाय, साहेब. थंडीतसुद्धा नाय."