नाव न घेता ठेवलेला नारळ

नीराबाईच्या घरात भात ठेवायला कणगी होती, भांडी ठेवायला फडताळ होतं आणि राग ठेवायला नीराबाई स्वतः होती. तिच्याकडे ठेवलेला राग कधी नासला नाही. लग्नात मानाचं लुगडं हलकं दिलं म्हणून एका मावसनणंदेशी ती अजून बोलत नाही, आणि ती नणंद जाऊनही आता बरीच वर्षं झाली.

म्हसळ्याहून श्रीवर्धनकडे उतरताना लागणाऱ्या गावात तिचं घर. नवरा मोरू शेती बघायचा आणि तोंड उघडायचं काम बायकोवर सोडून द्यायचा. नीराबाई अबोलीच्या वेण्या करून श्रीवर्धनच्या बाजारात विकायची. वेण्या इतरजणीही विकत, पण गिऱ्हाईक हिच्याकडे वळायचं ते हिच्या डोक्याकडे बघून. गुडघ्याला टेकणारे केस, त्यांचा नारळाएवढा अंबाडा आणि त्यावर तिचीच वेणी. असल्या डोक्यावर बसलेलं फूल बघितलं की विरळ शेपटीच्या बायकांनाही आशा सुटायची. नीराबाईला याचा गर्व होता, आणि तो ती झाकत नव्हती.

मग चाई पडली. आधी कानामागे रुपयाएवढा चकचकीत डाग, मग माथ्यावर दुसरा, मग दोन्ही मिळून तळहाताएवढं मैदान. केस तुटले नव्हते, मुळासकट निघून गेले होते. अंबाड्याची सुपारी झाली. नीराबाई पदर घट्ट धरून बाजारात बसू लागली, तर बायका विचारायच्या, "डोकं दुखतंय काय गो?" कोणी गुंज उगाळून लाव म्हणालं, कोणी कांदा चोळ म्हणालं, कोणी सांगितलं की रात्री किडा येऊन केस खातो. नीराबाईने सगळं केलं, डोक्याची आग करून घेतली, आणि मनात एकच शोध चालू ठेवला. हे केलं कुणी?

उत्तर तिला पडवीतच सापडलं.

नीराबाई आणि तिची धाकटी जाऊ जनी यांची घरं वेगळी, पण मागची पडवी एक. विंचरताना निघालेलं गुंतवळ नीराबाई बोटाभोवती गुंडाळायची आणि पडवीच्या भिंतीतल्या फटीत कोंबून ठेवायची. तिच्या आईने शिकवलं होतं, बाईचा केस वाऱ्यावर जाऊ द्यायचा नाही, शत्रूच्या हाती लागला तर घात होतो. चाई पडण्याच्या थोडं आधी केसांवर भांडी देणारी बाई गावात आली होती. जनीने स्वतःचं गुंतवळ दिलं आणि त्याच्याबरोबर फटीतलंही उपसून दिलं. त्याच्यावर मिळालेली वाटी तिने मोठ्या जावेच्या ओट्यावर नेऊन ठेवली होती. चोर कधी वाटी आणून देत नाही, पण नीराबाईला हे कोण सांगणार? तिने ती वाटी विहिरीत फेकली.

"माजे केस दिलेन कुणाला, आनि वाटी दाखवतेय मला," ती मोरूला म्हणाली. "करणी हाय ही. माज्या केसांवर जळायची ती पयल्यापास्नं."

मोरू म्हणाला, "व्हय." तो कशालाही व्हय म्हणायचा.

जनीच्या मृणालीचं लग्न त्याच सुमाराला ठरलं होतं. मुलगा न्हावा शेव्याला कंटेनरच्या कामावर, माणसं बरी. मृणालीचे केसही दाट, कमरेखाली आलेले. नीराबाईने नेम धरला तो तिथेच. आईला मारायचं तर लेकीवर मारावं, हे तिला कुणी शिकवावं लागलं नाही.

ती नारळ घेऊन देवळात गेली. बुधाजी गुरव गावदेवीला गाऱ्हाणं घालायचा. त्याने विचारलं, "काय सांगू देवीला?"

"जनीनं करणी केलीय म्हणून सांग."

"नाव घ्यायचं न्हाय," गुरव म्हणाला. "हितली रीतच हाय ती. आपून गुन्हा सांगायचा, मानूस देवी शोधते. आनि नीराबाय, नारळ ठेवनं सोपं असतंय. उचलून गाऱ्हानं मागं घ्यायचं झालं तर ज्याच्यावर ठेवलास त्याला संगं घेऊन यावं लागंल. इचार कर."

"इचार करूनच आलेय," ती म्हणाली, आणि गाऱ्हाण्याचे शब्द तिनेच पुरवले. बुधाजीने नारळ देवीपुढे ठेवला आणि हात जोडून ते मोठ्याने म्हटले. जो कोण असंल, ज्याच्यापास्नं हे माज्या डोक्यावर आलं, त्याच्या लेकीचं डोकं असंच होऊ दे. चार मानसांत पदर सरकंल म्हणून तिचा जीव टांगनीला लागू दे.

शेवटचं वाक्य गुरवाने घाईत उरकलं. नीराबाईला मात्र किती दिवसांनी जेवण गोड लागलं.

पुढे मुलाच्या घरात कुणी वारलं आणि लग्न पुढे गेलं. देवी कामाला लागली, असं नीराबाई समजली. ती रोज पडवीत बसायची आणि मृणाली न्हाऊन केस वाळवायला आली की तिच्या माथ्याकडे बघायची. मांजर दुधाकडे बघतं तसं. पोरीला वाटायचं काकूचं लक्ष आहे आपल्यावर. ती एकदा म्हणाली, "काकू, माज्या लग्नाची वेणी तूच करशील ना?" नीराबाई म्हणाली, "बघू, वेणी बसायला डोक्यावर काय र्‍हातंय ते." जनी आतून सगळं ऐकत होती. तिने पोरीला हाक मारून आत घेतलं, आणि न भांडणाऱ्या माणसाचा नीराबाईला जास्तच राग यायचा.

डोक्यावर तिसरा डाग पडला तेव्हा मोरूने आयुष्यात पहिल्यांदा हट्ट धरला आणि तिला म्हसळ्याला चामडीच्या डॉक्टरीणबाईंकडे नेलं. बाईंनी डोकं बघितलं, मग हाताची नखं उजेडात धरली. नखांवर बारीक बारीक खड्डे होते, शिवणाच्या टोपणावर असतात तसे.

"अंगात रोगाशी लढणारे पहारेकरी असतात," बाई म्हणाल्या. "तुमचे पहारेकरी चुकलेत. केसांच्या मुळांनाच शत्रू समजून त्यांच्यावर तुटून पडतायत."

"त्यांना फितवलं कुनी?"

बाईंना हसू आलं, पण त्यांनी सरळ उत्तर दिलं. "कुणी नाही. ते का चुकतात हे आम्हालाही पुरतं माहीत नाही. पुष्कळदा रक्तातून येतं. मोठा ताप, एखादा धक्का हे निमित्त होऊ शकतं, कधी तेही नसतं. दुसऱ्याच्या फणीने येत नाही, किड्याने येत नाही, आणि कुणी केलं म्हणून होत नाही. तुमच्या माहेरी कोणाला चाई होती? कोड, थायरॉईड, दमा?"

"माज्या माहेरात बायकांचे केस जमिनीला लागायचे," नीराबाई ताठ होऊन म्हणाली.

बाईंनी डागांत सुया टोचल्या. केस येतीलही, नाहीही येणार, असं खरं ते सांगितलं. परतताना नीराबाईच्या डोक्यात सुयांपेक्षा एकच वाक्य जास्त टोचत होतं. रक्तातून येतं. म्हणजे रक्तात नसलं तर करणीच, हिशेब सरळ होता. माहेरच्या म्हाताऱ्या माणसाकडून वदवून घ्यायचं की आपल्या घरात हे कधी नव्हतं, आणि मग मृणालीच्या होणाऱ्या सासरच्यांसमोर उभं राहून जनीचं पितळ उघडं पाडायचं. देवी सावकाश करत होती. तिला हातभार लावायला नीराबाई दुसऱ्याच दिवशी एसटीत बसली.

माहेरी आता एकच म्हातारं माणूस उरलं होतं, काशीआत्या. नीराबाईने चहाचीही वाट बघितली नाही. पदर मागे सारला आणि म्हणाली, "बघ. आनि सांग, आपल्यात कुनाला होतं हे?"

आत्याने तिचं डोकं उजेडाकडे वळवलं. मग म्हणाली, "भागोजीचंच डोकं गो."

भागोजी म्हणजे नीराबाईचा बाप. अख्ख्या गावाला माहीत होतं की भागोजीने हरिहरेश्वराला नवस बोलला होता, केस ठेवीन तर पाप लागेल. जन्मभर तो गोटा करून राहिला. मिशीसुद्धा ठेवली नाही. लोक त्याच्या भक्तीचे दाखले द्यायचे. नीराबाई स्वतः द्यायची.

"कसला नवस?" आत्या म्हणाली. "चाई होती. डोकीवर, मिशीत, समदीकडं. मीच पडवीत बसवून वस्तरा फिरवायची. तुजं लगीन ठरवायचं होतं. चाईवाल्याची पोर कोन करील? म्हनून देव पुढं केलान. मला शपथ घातलीन, पोरीलासुदीक सांगू नको."

नीराबाईला बापाचे हात आठवले. कपाळावरून फिरणारा हात आणि त्याची खडबडीत, टोचल्यासारखी नखं. लावणीच्या चिखलाने अशी झालीत, असं तो सांगायचा.

एसटीत ती खिडकीशी बसली आणि बापाला शिव्या देत राहिली. मोठ्याने नाही, पण एकही सोडली नाही. लबाड म्हणाली, ढोंगी म्हणाली, देवाच्या नावावर खोटं बोललास म्हणाली. घरी जाऊन त्याच्या फोटोचा हार ओरबाडून काढावा, फोटो विहिरीत टाकावा, वाटीच्या सोबतीला. पण सूड घ्यायला समोर जिवंत माणूस लागतं. आणि भागोजीने लपवलं होतं ते हिचं लग्न मोडू नये म्हणून. तेच, जे ती मृणालीचं मोडायला निघाली होती. राग कुठेच बसेना. आयुष्यात पहिल्यांदाच तिला तो ठेवायला जागा मिळाली नाही, आणि ती पदरात तोंड घालून रडली.

मग तिला नारळ आठवला, आणि गाऱ्हाण्याचे शब्द एकेक करून आठवले. ज्याच्यापास्नं हे आलं, त्याच्या लेकीचं डोकं.

ती गावच्या फाट्याला उतरली ती घराकडे वळलीच नाही. देवळात संध्याकाळची झाडलोट चालू होती. पायरीवर जनी आणि मृणाली बसल्या होत्या, लग्नाची नवी तारीख ठरली म्हणून ओटी भरायला आल्या होत्या. नीराबाईला बघून जनी उठून बाजूला झाली.

"नारळ उचलायचाय," नीराबाई गुरवाला म्हणाली.

बुधाजीने केरसुणी खाली ठेवली आणि जनीकडे बघितलं. "मग ही आलीच हाय. हिला घेऊन फुडं ये."

"ती न्हाय. तिचा काय संबंध न्हाय."

"रीत सांगितली होती तुला. ज्याच्यावर ठेवलास त्याला आनल्याबिगर उचलता येत न्हाय."

"तो कवाच गेला वर," नीराबाई म्हणाली. मग तिने चारचौघांत डोक्यावरचा पदर काढला आणि खांद्यावर घेतला. समईच्या उजेडात डाग चकाकले. मृणाली उठून उभी राहिली. "देवीला सांग, त्याची लेक आलेय."