फिलोमेनाचं अपील

फिलोमेनाच्या अंगणातून कानियोच्या मळ्यात जाणारी पायवाट कोणाची, यावर दोघांचं वर्षानुवर्षं भांडण चाललं होतं. खालच्या कोर्टात कानियो जिंकला, तिने अपील केलं. अपिलाचं कोर्ट पोतेन्झा शहरात होतं आणि गावातून तिथे सकाळी एकच बस जाई, त्यामुळे तारखेला वादी-प्रतिवादी शेजारी बसून जात. ती पावात ऑम्लेट घालून आणायची आणि अर्धं त्याला द्यायची.

"खा. हरल्यावर रडायला ताकद लागेल तुला."

"आधी मिठाचं बघ, म्हातारे," तो म्हणायचा. बायको गेल्यापासून त्याच्याशी एवढं कोणी बोलत नव्हतं.

मार्चमध्ये फिलोमेना गेली. तिच्या वकिलाने कोर्टाला तसं कळवलं आणि अपील थांबलं.

"आता गप्प बसा, काका," कानियोची वकीलबाई म्हणाली. "तिची मुलगी जर्मनीत. मुदतीत वारस आले नाहीत तर अपील संपलं. पायवाट तुमची."

"आणि मीच पुढे चालवलं तर?"

"जिंकलेला माणूस अपील चालवतो होय? डोकं ठिकाणावर आहे ना?"

"पण चालवता येतं?"

"येतं," ती नाइलाजाने म्हणाली. "वर्षाच्या आत सगळ्या वारसांना मिळून एकच नोटीस काढायची, मयताच्या राहत्या घरी."

त्याने ती काढायला लावली. नोटीस आली म्हणजे मुलगी येईल, निदान भांडायला तरी, असा त्याचा हिशेब होता.

बेलिफ आला त्या दिवशी कानियो दाढी करून दारात उभा होता. बेलिफाने फिलोमेनाचं दार दोनदा वाजवलं.

"जरा जोरात वाजवा," कानियो म्हणाला. "ती मागे स्वयंपाकघरात असते."