बिनअध्यक्षाचं मंडळ

शिंप्याच्या दुकानात कात्रणं कुणी मुद्दाम जमवत नाही. ती साचत जातात, आणि एक दिवस झाडायला घेतलं की त्यांचं चांगलं गाठोडं होतं. आमच्या मंडळाच्या किश्शांचं तसंच झालंय. परवा घरी चार माणसं जमली, कुणीतरी लोकशाहीवर तावातावाने बोलायला लागलं, आणि माझ्या तोंडून एक किस्सा निसटला. एक निसटला की बाकीचे दम धरतात थोडेच!

राज्यांची पुनर्रचना झाली तेव्हा बेळगाव-धारवाडकडची बरीच मराठी बोलणारी माणसं नोकरीसाठी बंगळूरला आली. त्यांतलेच आमचे इनामदार सर. ते कॉलेजात राज्यशास्त्र शिकवायचे आणि मी त्यांच्या हाताखाली ट्यूटर. सरांचा जीव एका तत्त्वावर जडला होता, ते म्हणजे बहुसत्तावाद. राज्यसंस्था सर्वश्रेष्ठ वगैरे काही नाही. माणूस घराचा असतो, धंद्याचा असतो, देवळाचा, युनियनचा, क्लबाचा असतो, आणि या सगळ्या संस्थांना आपापली सत्ता असते. "सरकार हवं तर थोरला भाऊ आहे. बाप नाही!" हे वाक्य सर टेबलावर मूठ आपटून म्हणायचे.

एकदा प्रिन्सिपॉल हसून म्हणाले, "इनामदार, डोक्यावर कुणी नसेल तर चार माणसंसुद्धा एका दिशेला चालत नाहीत."

झालं! सरांनी भर स्टाफरूममध्ये जाहीर केलं, "मी चालवून दाखवतो!" आणि चामराजपेटेत राघूअण्णांच्या शिवणाच्या दुकानामागच्या खोलीत आमचं अभ्यास मंडळ सुरू झालं. रविवारी दुपारी सभा. अध्यक्ष नाही. प्रत्येक सभासद एकेका संस्थेचा प्रतिनिधी, आणि सगळ्यांची संमती असेल तरच ठराव पास. एकाने जरी "विरोध" म्हटलं, तरी विषय संपला. ज्या दिवशी मंडळ अध्यक्ष नेमील त्या दिवशी सर हरले, हे कॉलेजभर ठरून गेलं होतं.

राघूअण्णा शिंप्यांचे प्रतिनिधी. घराणं पिढ्यान्‌पिढ्या बंगळूरचं, त्यामुळे मराठीत निम्मी कन्नड. देसाईसाहेब सरकारी कचेरीत हेडक्लार्क, म्हणून सरकारचे प्रतिनिधी. सत्ता एकाच जागी हवी, हे त्यांचं ठाम मत. त्या जागी कोण, हे ते सांगायचे नाहीत, पण सभेला कोट घालून यायचे. मी बायकांची प्रतिनिधी, कारण मंडळात दुसरी बाईच नव्हती.

*

पहिली अडचण खुर्चीची झाली. खोलीत हातांची खुर्ची एकच, बाकी सगळी सतरंजी. खुर्चीत बसेल तो अध्यक्ष दिसणार! देसाईसाहेब अर्धा तास आधी येऊन ती अडवायला लागले. सरांनी फर्मान काढलं, "खुर्ची भिंतीकडे वळवा. तिच्यात कुणी बसायचं नाही."

"फर्मान?" देसाईसाहेबांनी भुवया उंचावल्या.

"विनंती," सर म्हणाले.

पुढच्या रविवारी राघूअण्णांचे आनेकलचे मामा आले. गुडघे दुखरे, खाली बसणं अशक्य. खुर्ची सरळ करायचा ठराव आला, देसाईसाहेबांनी सूड म्हणून विरोध केला, आणि मामा बिचारे भिंतीकडे तोंड करूनच बसले. सर तासभर बोलले. मामांनी भिंतीकडे बघून माना डोलावल्या, शेवटी टाळ्याही वाजवल्या. निघताना मला म्हणाले, "भाषण लई छान झालं, अक्का. माणूस दिसायला कसा आहे?"

*

मग चहा-कॉफीचं. बेळगाव-धारवाडची मंडळी चहाची आणि बंगळूरची कॉफीची. चहाच्या ठरावाला राघूअण्णांचा विरोध. कॉफीच्या ठरावाला सरांचा. एक दिवस हे, एक दिवस ते, अशी तडजोड मी सुचवली, तर दोघांचाही विरोध! सबंध उन्हाळा आम्ही सार्वभौमत्वावर कोरड्या घशाने बोललो.

शेवटी सभा संपली की एकेक जण गुपचूप कोपऱ्यावरच्या हॉटेलात जायला लागला. आणि एका रविवारी तिथे सगळेच एकमेकांना सापडलो. कुणी काही बोलायच्या आत हॉटेलवाला गल्ल्यावरून ओरडला, "चहा संपला! सगळ्यांना कॉफी! तिकडे सरकून बसा!"

आम्ही सगळे सरकून बसलो. सरसुद्धा.

"बघितलंत, इनामदार?" देसाईसाहेब खुशीत आले. "याला म्हणतात राज्य!"

सर कॉफी फुंकत म्हणाले, "छे! ही हॉटेलसंस्था. आणि साखर जास्त आहे."

*

सरांच्या घरी इंदूवहिनी. नवऱ्याचं तत्त्वज्ञान त्या पोळ्या लाटता लाटता ऐकत आलेल्या. एका रविवारी त्यांनी जाहीर केलं, "स्वयंपाकघर ही स्वायत्त संस्था आहे. आज संस्थेला सुट्टी."

सर उपाशीपोटी सभेला आले आणि भारावून म्हणाले, "या शहरात माझा सिद्धांत एका माणसाला तरी पूर्ण कळलाय!" मग राघूअण्णांना हळूच विचारलं, "तुमच्याकडे आज काय केलंय?"

*

पुण्याहून एक मोठे पंडित बंगळूरला आले होते. 'राज्यसत्तेचं खरं स्वरूप' या विषयावर ते आमच्याकडे बोलणार होते. पण पाहुण्यांची ओळख करून देणं हे अध्यक्षाचं काम! आमच्याकडे ते कुणी करायचं? सरांनी तोडगा काढला, "सगळ्या संस्था आपापली ओळख करून देतील."

सरांनी पाहुण्यांना बहुसत्तावादी ठरवलं. देसाईसाहेबांनी त्यांना राज्याचा खंदा पुरस्कर्ता म्हटलं. मी त्यांच्या पत्नीविषयी बोलले, कारण तिच्याविषयी कुणीच बोललं नव्हतं. राघूअण्णांना त्यांची काहीच माहिती नव्हती, म्हणून त्यांनी पाहुण्यांच्या कोटाची ओळख करून दिली. "कापड फस्टक्लास. पण डावा खांदा स्वल्प चुकलाय, कुणी शिवलाय ते सांगू नका."

एवढं होईपर्यंत पाहुण्यांना न्यायला मोटार आली. ते उठले, हार काढले, डाव्या खांद्यावरून हात फिरवला आणि म्हणाले, "मी कोण, याबद्दल बरीच मतं ऐकली. घरी जाऊन विचार करतो."

*

एकदा सर राघूअण्णांना सायकलवर डबलसीट घेऊन सभेला येत होते. तेव्हा डबलसीट म्हणजे गुन्हा. मार्केटजवळ पोलिसाने अडवलं, आणि त्या काळच्या रिवाजाप्रमाणे पुढच्या चाकाची हवा सोडायला घेतली.

सर उतरले आणि त्यांनी आपल्या धारवाडी कन्नडमध्ये पोलिसाला सिद्धांतच समजावायला सुरुवात केली. राज्य ही अनेकांतली एक संस्था. मागे बसलेला माणूस शिंप्यांच्या संस्थेचा, सायकल चालवणारा विद्यापीठाच्या संस्थेचा, तेव्हा तिसऱ्या संस्थेने दोघांमध्ये पडू नये. सगळी सत्ता एकाच ठिकाणी केंद्रित झाली, की अन्याय होतो!

पोलीस मन लावून ऐकत होता. "हौदु सार, हौदु सार," म्हणत होकाराची मान हलवत होता. माणसाला पटतंय असं बघून सरांना भरतं आलं. त्यांनी आणखी दहा मिनिटं घेतली.

सगळं ऐकून पोलीस म्हणाला, "खरं आहे सार. सगळं एकाच ठिकाणी करणं बरं नाही." आणि वाकून त्याने मागच्या चाकाचीही हवा सोडली.

दोघं सायकल ढकलत आले. सर घामाघूम, पण चेहरा उजळलेला. "पोलिसाला पटलं!" हे त्यांनी प्रिन्सिपॉलनाही जाऊन सांगितलं.

*

आणि मग सरांना धारवाडला जागा मिळाली. जाणं भागच होतं. सामान पुढे गेलं, वहिनी मुलांना घेऊन गेल्या, आणि सर गाडीच्या आधीची शेवटची सभा घ्यायला राघूअण्णांच्या खोलीत आले.

"माझा एक ठराव आहे," सर म्हणाले. आवाज नेहमीचा नव्हता. "मंडळ आज बरखास्त करावं. मी गेलो की महिन्याभरात तुम्ही अध्यक्ष नेमाल. मला माहीत आहे. मग प्रिन्सिपॉल हसतील ते हसतील, पण मी आयुष्यभर शिकवलं ते सगळं माझ्याच मंडळाने खोटं ठरवलं असं होईल. त्यापेक्षा ते माझ्यादेखत बंद झालेलं बरं."

मला तर रडूच आलं. मी संमती दिली. बाकीच्यांनीही एकेक करून दिली. देसाईसाहेबांनी तर चटकन दिली. त्यांचं नवं मंडळ मनात तयार होतं, अध्यक्षासकट.

"विरोध," राघूअण्णा म्हणाले.

"अण्णा, ऐका माझं."

"इल्ला सर. विरोध."

"अहो, पण कारण काय?"

"कारण सांगायचा नियम नाही सर."

नव्हताच तसा नियम. सरांनी समजावलं, विनवलं, मग चिडले. इतक्या वर्षांत सरांना चिडलेलं आम्ही प्रथमच बघितलं. "अरे, कुणीतरी यांना गप्प बसवा! माणसाने कुणाचं तरी ऐकायला हवं की नको?"

"कुणाचं?" देसाईसाहेबांनी अगदी हळू विचारलं.

सर चष्मा पुसत राहिले. गाडीची वेळ होत आली होती. ठराव लोंबकळतच राहिला आणि आम्ही सगळे तसेच उठून स्टेशनवर गेलो. टांग्यातही वाद चालू होता. प्लॅटफॉर्मवरही.

शिट्टी झाली. गाडी हलली. सरांनी खिडकीतून जवळजवळ अर्धं अंग बाहेर काढलं आणि ओरडले, "मंडळ बरखास्त करावं, असा ठराव मी पुन्हा मांडतो!"

"विरोध!" राघूअण्णा धोतराचा सोगा हातात धरून डब्याबरोबर धावायला लागले. "विरोध, सर! विरोध!"

माणूस साठीचा. मालधक्क्यापर्यंत पोचता पोचता त्यांचा दम संपला. ते गुडघ्यांवर हात टेकून उभे राहिले, आणि तोंडातून शब्द फुटेना. खिडकीतून सर हात वर करून विचारतच होते, "कुणाचा विरोध? आहे का कुणाचा?"

तेवढ्यात माझ्या शेजारून कोट घातलेला एक माणूस सुसाट पुढे पळाला. देसाईसाहेब! छत्री डोक्यावर उंच धरून ते सगळ्या स्टेशनला ऐकू जाईल असं ओरडले,

"सरकारचा विरोध!"