पानाच्या दुकानापाशी उभा असलेला माणूस

आज सकाळी मोठी काकू गेली.
नवऱ्याचा एकही फोटो जवळ नसताना तिने अख्खं आयुष्य काढलं.

मोठे काका इथेच, ग्वाल्हेरला, सरकारी दफ्तरात होते. संस्थान गेलं, मध्य भारत आला. मग तोही गेला आणि राजधानी भोपाळला झाली.
दफ्तर हललं, काकाही हलले.
"खोली मिळाली की तुला बोलावतो," म्हणाले.

त्यांच्या ट्रंकेत लग्नाचा एकुलता एक फोटो काकूनेच ठेवला होता. परक्या गावात आपली आठवण राहावी म्हणून.

तिकडे त्यांना विषमज्वर झाला.
ना काका परत आले, ना ट्रंक.
काकू तेव्हा जेमतेम विशीत.

जाण्याआधी काकांनी तिला एक गंमत सांगितली होती. इथल्या महाराज बाड्याच्या चौकात फिल्मवाले शूटिंगला आले होते. "मी पण गर्दीत उभा राहिलो. पानाच्या दुकानापाशी. बघ, दिसेन."

पिक्चर लागला तेव्हा काका नव्हते. विधवा सून टॉकीजमध्ये जाणार म्हटल्यावर घरात केवढं झालं असतं. माझी आई, म्हणजे तिची धाकटी जाऊ, तिला देवळाचं नाव सांगून घेऊन गेली.

पानाच्या दुकानापाशी खरंच एकजण होता. काळी टोपी, चेहरा धुरकट.
काकूने आईचा हात घट्ट धरला. "हे बघ. हे." देवळातून परतायची वेळ होईल म्हणून तेवढं पाहून दोघी उठून आल्या.

पुढे टीव्ही आला, कॅसेट आली, सीडी आली. प्रिंट तीच, रेघाच रेघा.
तिथे आलं की आम्ही पॉज करायचो. काकू हात जोडायची.
"बस. बंद कर आता."

गेल्या दिवाळीत तो पिक्चर रिस्टोअर होऊन HD मध्ये आला. माझ्या मुलीने, सईने, मोठ्या हौसेने लावला.
"आजी, देखो ना, किती साफ दिसतंय."

खरंच साफ. मिशीचा केस न् केस.
काकू उठून टीव्हीजवळ गेली. बराच वेळ पाहत राहिली.

"हे नव्हेत," ती म्हणाली. "हा कोणी दुसराच आहे."

सईचा चेहरा उतरला. आम्ही गर्दीतला एकेक चेहरा थांबवून पाहिला. काका कुठेच नाहीत. सीन कापला गेला, की ते कॅमेऱ्याच्या बाहेरच उभे होते, कोण जाणे.

"कशाला लावलंस? जुनं होतं तेच बरं होतं," मी सईवर चिडले.

"तिला नको बोलूस," काकू म्हणाली. "इतकी वर्षं परक्या माणसाला हात जोडत होते. कळलं ते बरं झालं."

मग खुर्चीत बसली.
"पहिल्यापासून लाव. गोष्ट काय आहे ते तरी बघू. मी कधी पाहिलीच नाही."

त्या दिवशी तिने अख्खा पिक्चर पाहिला. नायक आगगाडीत बसून निघून गेला तेव्हा तिने माझ्याकडे वळून विचारलं,
"हा परत येतो का गं?"

"येतो, काकू."

"बरं," म्हणाली, आणि पुढे पाहू लागली.

काकू, तुला शेवटचा नमस्कार.