उंबऱ्यावरचं पालथं पातेलं

असले अनुभव सांगणाऱ्यांची मी आजवर टिंगलच केली आहे. धम्मदीक्षेच्या बावीस प्रतिज्ञा पाठ असलेल्या घरात वाढले... भुतंखेतं, अंगारे-धुपारे आमच्याकडे कधी फिरकलेच नाहीत. त्यामुळे हे वाचून कुणाला हसायचं असेल तर खुशाल हसा. मीही हसले असते.

गारखेड्यात आमचा दुसऱ्या मजल्यावरचा फ्लॅट. हॉल, त्याला लागून अण्णांची खोली, मध्ये काळ्या दगडाचा उंबरा. अण्णा म्हणजे माझे वडील, कॉलेजात इतिहास शिकवायचे. रिटायर झाल्यावर त्यांना एकच वेड लागलं — अमेरिकेतल्या एका इतिहासकार बाईंची गुलामगिरीवरची पुस्तकं. एकोणिसाव्या शतकात तिथले गुलाम काय खात, लग्नं कशी लावत, मालकाच्या नकळत कशी गाणी म्हणत... अण्णा ते सगळं मराठीत उतरवायचे आणि ताटावर बसलं की आम्हाला ऐकवायचे. "आपलीच माणसं आहेत ही," म्हणायचे. आई वैतागायची. तीही अण्णांसारखी सोयगावची, पण जिभेला हाड नाही. "ही अमेरिकावाली माझी सवतच हाय," म्हणायची.

दोन वर्षांपूर्वी अण्णांना स्ट्रोक आला आणि वाचा गेली. कळतं सगळं, पण तोंडातून शब्द फुटत नाही. स्पीच थेरपी केली, उपयोग शून्य. त्या दिवशी सकाळी ते आईला शेवटचं काय बोलले असतील? "चहा फिका झालाय." बस्स. आई आल्यागेल्याला हसत सांगायची, "चाळीस वर्षं संसार केला, अन् माझ्या वाट्याला शेवटी फिका चहा आला!" लोकही हसायचे. मग ती आत जायची आणि नळ सोडून नुसती उभी राहायची. टँकरच्या पाण्याचा थेंब थेंब जपणारी बाई, पण तेव्हा नळ वाहू द्यायची.

यंदाच्या एप्रिलमधली दुपार. मी अण्णांच्या खोलीत त्यांच्याच अनुवादाची पानं त्यांना वाचून दाखवत होते. कुलर घरघरत होता, खाली टँकरची मोटार चालू होती, शेजारी कुणाचा तरी मिक्सर. पानावर होतं, की गुलाम लोक झोपडीत लपून प्रार्थना करत, आणि मालकाला कळू नये म्हणून दारात लोखंडी भांडं पालथं घालत. आवाज भांड्यात जातो, बाहेर पडत नाही, अशी त्यांची समजूत. असं खरंच होत होतं का, ते बाईंनाही सांगता आलेलं नव्हतं.

अण्णांनी डाव्या हातानं माझी ओढणी धरली आणि उंबऱ्याकडे बोट केलं. पुन्हा पुन्हा. "बरं, घालते," म्हटलं आणि ओट्यावरचं दुधाचं रिकामं पातेलं आणून पालथं ठेवलं. म्हाताऱ्या माणसाचा हट्ट, दुसरं काय.

आणि सगळे आवाज गेले... कुलर चालू होता, पडदा हलत होता, पण आवाज नव्हता. टँकर नाही, मिक्सर नाही. उन्हातून येऊन माठाला गाल लावावा तसं गार वाटलं. भीती? अजिबात नाही.

"थांबली का माय? वाच की," अण्णा म्हणाले.

तोच वर्गात घुमणारा आवाज! मी कसली वाचते... त्यांचा हात धरून बसले. ते सावकाश बोलत राहिले, सोयगावची नदी, चिंचेखालची शाळा. मग म्हणाले, "तुझ्या आईला सांग, त्या दिवशी मला —"

"दुधाचं पातेलं उंबऱ्यात? अक्कल गहाण टाकली का गं?" आईनं वाकून पातेलं उचललं होतं. कुलर, टँकर, मिक्सर, सगळं एकदम कानांवर आदळलं. अण्णांचं तोंड तसंच उघडं राहिलं.

मी आईवर ओरडलेच. मग सगळं सांगितलं. इतका वेळ ती हॉलमध्ये, उघड्या दारासमोरच शेंगा फोडत बसली होती. "त्यांचं तोंड हलायलं होतं, बघायले होते मी. पण आवाज कुठं होता?" म्हणाली आणि हातातल्या पातेल्याकडे बघितलं. "मला सांग म्हणले... अन् पातेलं मीच उचललं?" मी लगेच ते पुन्हा पालथं घातलं, पण आवाज जाईनात.

"उद्या मी आत बसते, तू भायेर," आई म्हणाली.

दुसऱ्या दुपारी तिनं स्वतः पातेलं पालथं घातलं. मी हॉलमध्ये. मला कुलर ऐकू येत होता, खालचा भंगारवालाही. आणि समोर अण्णांचे ओठ हलत होते. आईनं पदर तोंडाला लावला. मग काहीतरी बोलली. मग हसली... तसं हसताना मी तिला कधी पाहिलं नव्हतं. मला एक शब्द ऐकू आला नाही. उंबरा ओलांडून आत जावं असं फार वाटलं. गेले नाही.

बऱ्याच वेळानं ती बाहेर आली, पातेलं उचललं, विसळलं आणि दूध तापत ठेवलं. "काय म्हणाले गं?" मी विचारलं.

"ते आतलं हाय. आतच राहू दे."

डॉक्टर म्हणतात, अशा पेशंटला क्वचित एखाद्या वेळी बोलता येतं. मान्य. पण मग उघड्या दारातून ऐकू का आलं नाही? याला माझ्याकडे लॉजिक नाही. पुढे कितीदा तरी पातेलं पालथं घातलं, काही झालं नाही. अण्णा अजूनही गप्पच आहेत.

चहा आजही फिकाच असतो, अण्णांना शुगर आहे. पण आल्यागेल्याला आई तो किस्सा आता सांगत नाही.