शंकाबाईंची यादी

प्रकाशकाच्या कचेरीत तिला सगळे शंकाबाई म्हणत. तोंडावर नाही हं, पाठीमागे. पण तिला ते ठाऊक होतं आणि मनातून आवडायचंही. स्पॅनिश आणि पोर्तुगीजमधून तिनं एकोणीस पुस्तकं आपल्या भाषेत आणली आणि त्यातलं एकही मूळ लेखकाला शंकांची यादी पाठवल्याशिवाय छापायला दिलं नाही. खिडकी आत उघडते की बाहेर? पाव हातानं मोडला की सुरीनं कापला? एका लेखकानं वैतागून कळवलं होतं, की बाई, लिहिताना मीसुद्धा एवढा विचार केला नव्हता. हिचं आपलं पुढचं पान तयारच.

स्पॅनिश ती पोटासाठी शिकली. यंत्रांचे सुटे भाग परदेशी पाठवणाऱ्या कंपनीत पत्रांना उत्तरं टाइप करायची नोकरी होती. गहाळ खोकी, चुकलेले बोल्ट, संतापलेली गिऱ्हाइकं. पोर्तुगीज तर निव्वळ तक्रारी वाचून वाचून आली म्हणा ना. संध्याकाळी घरी आलं की स्वयंपाकघरातलं टेबल पुसायचं, पाठ निखळलेले दोन शब्दकोश मांडायचे आणि कादंबरी घेऊन बसायचं. लग्न केलं नाही. कुणी विचारलंच तर म्हणायची, वेळ मिळाला नाही, आणि ते खोटंही नव्हतं.

अशाच एका लेखिकेची ओळख यादीतूनच झाली. तिच्या पहिल्या कादंबरीत एक बाई होती, पोर्तुगीजमध्ये नुसती ‘तिया’. आता ही मावशी, आत्या, काकू की मामी? तसं विचारल्यावर लेखिकेला फार गंमत वाटली. तिनं लिहिलं, आईची बहीण. पण मला सांग, तुमच्याकडे आईची बहीण कशी असते?

झालं. विचारणारं कुणी भेटलं की माणूस पाघळतो. शंकाबाईनं मावशीपण समजावता समजावता घरातली गोष्टच लिहून टाकली. धाकटी बहीण एका सकाळी दोन वर्षांची लेक हिच्या हातात देऊन निघून गेली ती अकरा दिवस परतलीच नाही. आईनं धाकटीच्या सासरी सांगितलं, इस्पितळात आहे, भेटायला सोडत नाहीत. पोर रात्री मावशीचा कान मुठीत धरून झोपायची. बाराव्या दिवशी धाकटी आली, आंघोळ केली, लेकीला उचललं आणि आपल्या घरी गेली. पुन्हा त्या अकरा दिवसांबद्दल कुणी अवाक्षर काढलं नाही. सगळ्यांनी ते पोटात ठेवलं, हिनंसुद्धा. फक्त सातासमुद्रापलीकडच्या त्या बाईला तेवढं सांगितलं.

बावीस वर्षं पत्रं चालली. सहा कादंबऱ्या झाल्या. सातवी आली ती गेल्या महिन्यात, नेहमीसारखी लेखिकेच्या सहीनिशी. शंकाबाईनं चहा ओतला, वाचायला बसली आणि तिसऱ्या प्रकरणात तिनं कप बाजूला ठेवला. एक बाई लेकीला बहिणीच्या हवाली करते. एका माणसासाठी जाते. अकरा दिवस. आणि पोर मावशीचा कान मुठीत धरून झोपते.

केसानं गळा कापणं म्हणतात ते हेच. आणि भाची आता चोवीस वर्षांची होती. मावशीचं प्रत्येक पुस्तक छापायच्या आधी तीच वाचायची. त्या कानावरून घरात अजून तिची थट्टा व्हायची. आई आपल्याला टाकून गेली होती हे तिला आजवर कळलं नव्हतं, आणि आता ते मावशीच्याच अक्षरात कळणार होतं.

तिनं लेखिकेला लिहिलं: अकराचे दोन दिवस करू दे, कान काढू दे, एवढं ऐक. एकोणीस पुस्तकांत स्वल्पविराम न हलवलेली बाई विनवण्या करत होती. उत्तर दुसऱ्याच दिवशी आलं, अगदी मायेचं. तुझ्या पत्रातलं ते पान इतकं सुंदर होतं, की सोडवेना. नाव कुठं घातलंय मी? एकही शब्द मात्र बदलू नकोस. आणि तुझी यादी लवकर पाठव, वाट पाहते.

तळपायाची आग मस्तकात गेली तिच्या. प्रकाशकाला जाऊन सांगितलं, हे मी करणार नाही. त्यानं शांतपणे सांगितलं, की जाहिरात गेलीय, तुम्ही नाही तर दुसरं कुणी करेल.

मग उरलं एकच. ती दुपारी धाकटीकडे गेली. धाकटी बाल्कनीत वाळलेले कपडे काढत होती. शंकाबाईनं सगळं सांगितलं. त्या बाईला मैत्रीण मानलं, तिनं विश्वासघात केला, मला लुटलं गं, असं म्हणता म्हणता तिला रडू फुटलं. धाकटी शेवटपर्यंत चादरीची घडी घालत राहिली.

“पुस्तकात मी का जाते?” तिनं विचारलं.

“एका माणसासाठी.”

“हे तिच्या मनानं?”

शंकाबाईला खोटं बोलता आलं असतं. ती म्हणाली, “नाही. मीच लिहिलं होतं. मला वाटलं, तसंच असणार.”

धाकटीनं घडी खुर्चीवर ठेवली. “कुणी नव्हतं, ताई. एक खोली घेऊन झोपून होते. उठवतच नव्हतं. पोरीला आपल्या हातून काही होईल, अशी भीती वाटायची, म्हणून तुझ्याकडे ठेवली.” मग म्हणाली, “बावीस वर्षं त्या बाईला विचारत होतीस. मला कधी विचारलंस?”

शंकाबाईनं डोळे पुसले.

“लेक सहाला येते,” धाकटी म्हणाली. “तिला मी सांगेन. तू त्याआधी जा.”

पाच वाजून गेले होते. शंकाबाईनं चपला घातल्या आणि दार आपल्या हातानं ओढून घेतलं.