चिकटपट्टीकडे बघून रडणारी

तिशीही उलटली नव्हती तेव्हा तिच्या केसांना पहिल्यांदा पांढरी पावडर लागली, ती कायमचीच. नाटकात सासू, सिनेमात आई. वयानं थोरल्या नटांचीही ती आई झाली. सेटवर सगळे तिला माई म्हणत. घरी धाकटी बहीण म्हणायची, "ताई, जगाची आई झालीस, आता तरी जरा पाठ टेक." पण पाठ टेकली की पोट आडवं येतं.

सिनेमातल्या आईचं एक ठरलेलं असतं. आधी कॅमेऱ्यानं हिरोचं तोंड टिपायचं. तेव्हा माईनं कॅमेऱ्याशेजारी उभं राहून त्याला वाक्यं द्यायची, घसा कोरडा पडेस्तोवर. मग हिरो गाडीत बसून पसार. माईची पाळी आली की समोर लाइटचा स्टँड, त्यावर हिरोच्या डोळ्यांच्या उंचीला चिकटपट्टी. तिच्याकडं बघून रडायचं. उभा जन्म ती त्या लोखंडी दांड्याला "बाळा, जेवलास का?" विचारत आली. तक्रार नव्हती. दांडा निदान मधेच मोबाइल काढून बसत नाही.

यंदा मात्र दिग्दर्शकानं तिला कधी मिळाला नव्हता असा सीन दिला. मुलगा घर सोडून चाललाय, आई अवाक्षर बोलत नाही आणि कॅमेरा तिच्या तोंडावरून हलत नाही.

"उजेड जायच्या आत झालं तर झालं, माई," दिग्दर्शक म्हणाला. "नाहीतर सीनला कात्री. उद्या हे घर आपल्याला मिळणार नाही."

आणि नेमका त्याच दिवशी हिरो थांबला. भल्या मनाचा पोरगा. "मी राहतो समोर. तुम्ही माझ्यासाठी किती उभ्या राहिलात!"

सगळ्यांनी वाहवा केली. माई मात्र स्टँड बाहेर नेणाऱ्याकडं बघत राहिली.

पहिल्या खेपेला डोळे कोरडे ठणठणीत. दुसऱ्या खेपेला ती त्याच्या भुवईकडंच बघत राहिली. भुवई कोरलेली होती. पुढं तर तोच इतका रडला, की "असू दे रे, असू दे" म्हणत तिनं हातरुमाल पुढं केला. खिडकीतला उजेड पिवळा पडत चालला. दिग्दर्शकानं घड्याळ बघायचंही सोडून दिलं.

सेटवर तिनं कधी खुर्चीसुद्धा मागितली नव्हती.

"बाळा," ती म्हणाली, "तू जरा बाहेर जाशील?"

"माझं काही चुकलं?"

"तुझं नाही रे. मलाच माणसाची सवय नाही. स्टँड आणा कुणीतरी."

सगळ्यांच्या देखत झालं. हिरो नुसत्या ओठांनी हसला आणि गेला. स्टँड आला, चिकटपट्टी लागली, आणि माईचे डोळे पहिल्याच खेपेला भरून वाहिले. 'ओके' झालं, लगेच लोकांनी वायरी गुंडाळायला घेतल्या.

सीनला कात्री लागली नाही. पुढच्या सिनेमात त्या हिरोची आई दुसरीच कुणी होती. बहिणीनं पेपरातला त्या दोघांचा फोटो पुढं धरला. "का गं, भांडलीस की काय?"

"छे गं. मी कशाला भांडतेय?" म्हणत माई गुडघ्याला तेल चोळत बसली. संध्याकाळी नाटकाचा प्रयोग होता, आणि सासूला दुसरा अंक उभ्यानंच काढायचा होता.